फारिनेल्ली : रंगभूमीवर १७ वर्षे, दरबारात २२

#धागा

इ.स. १७३७ च्या ऑगस्ट महिन्यात ३२ वर्षांचा एक इटालियन गवई स्पेनमधील ला ग्रान्हा येथील राजवाड्यात येऊन पोहोचला. व्हेनिस, व्हिएन्ना आणि लंडन या तिन्ही नगरांनी त्याला डोक्यावर घेतले होते. युरोपात त्याच्याइतका मोबदला घेणारा दुसरा गायक नव्हता. त्यानंतर तो ४५ वर्षे जगला. परंतु तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकांसमोर तो पुन्हा कधीही गायला नाही.

या गायकाचे रंगभूमीवरील नाव फारिनेल्ली. बरोक ऑपेराचा इतिहास त्याच्याशिवाय लिहिता येत नाही. त्याच्याविषयी प्रचलित असलेल्या कथा मनोहर आहेत. पण त्यांतील बऱ्याचशा कथा एका कठीण हकिकतीवर घातलेले मखमली आच्छादन आहेत. ते आच्छादन थोडे बाजूला सारून पाहण्याचा हा प्रयत्न.

त्याचे मूळ नाव कार्लो ब्रोस्की. जन्म २४ जानेवारी १७०५, दक्षिण इटलीतील आंद्रिया या गावी. हा प्रदेश तेव्हा नेपल्सच्या राज्यात मोडत असे. वडील साल्वातोरे हे संगीताचे जाणकार होते आणि काही काळ त्यांनी छोट्या शहरांचा कारभारही पाहिला होता. थोरला भाऊ रिकार्दो पुढे संगीतरचनाकार झाला. १७११ मध्ये कुटुंब नेपल्सला आले. हे शहर त्या काळी गायकांची टांकसाळच होते: चार संगीतशाळा, शेकडो मुले आणि पहाटेपासून रात्रीपर्यंत रियाज.

या ‘टांकसाळी’चे एक अंग मात्र आज वाचतानाही अंगावर काटा आणते. चर्चमध्ये स्त्रियांनी गाऊ नये, असा दंडक होता. पोपच्या राज्यात त्यांना रंगभूमीवरही बंदी होती. मग उंच पट्टीतले स्वर गाणार कोण? मुले गात, पण वयात येताच त्यांचा आवाज फुटे. यावर १६ व्या शतकापासून इटलीत एक भयंकर तोड रूढ झाली होती: आवाज फुटण्यापूर्वीच, साधारण ८ ते १२ वर्षांच्या वयात, मुलाचे वृषण काढून टाकणे. अशा गायकाला ‘कास्त्रातो’ म्हणत. त्याचे स्वरयंत्र मुलाएवढेच राही. छाती व फुप्फुसे मात्र प्रौढ पुरुषाची होत. हाडांची वाढ नेहमीच्या वयात थांबत नसल्याने हातपाय लांबत. पट्टी मुलाची, दम पुरुषाचा आणि त्यावर दहा वर्षांची तालीम, असे ते रसायन होते.

यातील दांभिकता लपून राहण्यासारखी नव्हती. चर्चच्या कायद्यानुसार हे कृत्य बहिष्कारास पात्र असा गुन्हा होता. आणि त्याच चर्चच्या गायकवृंदांत, प्रत्यक्ष पोपच्या सिस्टीन चॅपेलमध्येही, कास्त्राती पगारावर होते. म्हणून प्रत्येक घराने एक सबब तयार ठेवलेली असे: मूल घोड्यावरून पडले, डुकराने धडक दिली, दुखण्यापायी शस्त्रक्रिया करावी लागली. कार्लोच्या बाबतीत घोड्यावरून पडल्याची कथा सांगितली जाई.

१७१७ च्या नोव्हेंबरमध्ये साल्वातोरे ब्रोस्की अचानक वारले. तेव्हा कार्लो १२ वर्षांचा होता. कुटुंबाचा आधार गेला आणि घरात गोड गळ्याचा एक मुलगा होता. त्याच्या आवाजाचा निर्णय याच सुमारास झाला असावा, असे बहुतेक चरित्रकार मानतात. तो कोणी घेतला याचा कागद नाही. पण अशा मुलाला संमती विचारण्याची चाल नव्हती, एवढे निश्चित.

त्याचे गुरू निकोला पोर्पोरा. स्वतः रचनाकार असलेले पोर्पोरा त्या काळातील सर्वांत नामांकित गायनशिक्षक होते. दीर्घ श्वास, स्वच्छ कंप, आणि एकच स्वर अगदी अस्फुटपणे लावून हळूहळू फुलवत नेऊन पुन्हा तितक्याच हळुवारपणे विरवून टाकण्याची विद्या कार्लोने त्यांच्यापाशी आत्मसात केली. नेपल्समध्ये फारिना नावाचे धनिक वकील बंधू त्याचे आश्रयदाते होते. त्यांच्यावरूनच ‘फारिनेल्ली’ हे नाव पडले असावे.

१७२० मध्ये, वयाच्या १५ व्या वर्षी, तो पोर्पोरांच्या ‘अँजेलिका ए मेदोरो’ या संगीतिकेत प्रथम गायला. तिचे काव्य एका २२ वर्षांच्या होतकरू कवीने लिहिले होते. हा कवी म्हणजे पिएत्रो मेतास्तासियो, पुढे अवघ्या शतकभर ऑपेराच्या रंगभूमीवर ज्याचे शब्द गायले गेले तो. दोघांचे पदार्पण एकाच कृतीतून झाले म्हणून ते जन्मभर एकमेकांना ‘जुळा भाऊ’ म्हणत राहिले.

सुरुवातीच्या काळात फारिनेल्लीने स्त्रीभूमिकाही केल्या. १७२५ मध्ये नेपल्सजवळ हास्से या जर्मन रचनाकाराची अँटनी-क्लिओपात्रावरील संगीतिका झाली. तीत क्लिओपात्रा फारिनेल्ली होता आणि अँटनीची भूमिका व्हित्तोरिया तेसी या गायिकेने केली होती. बालगंधर्वांची परंपरा ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला यातील पहिल्या अर्ध्याचे नवल वाटणार नाही. दुसऱ्या अर्ध्याचे वाटेल. त्या रंगभूमीला पात्राचे लिंग आणि गळ्याची पट्टी यांची सांगड घालण्याची गरजच वाटत नव्हती. किंबहुना उंच स्वर हेच शौर्याचे आणि देवत्वाचे लक्षण मानले जाई. सिकंदर, सीझर, अकिलीझ हे सारे वीर सोप्रानो किंवा आल्तो पट्टीत गात.

येथे त्या संगीताच्या घडणीविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे. तत्कालीन गंभीर ऑपेरात कथा गद्यवजा गायनातून पुढे सरके आणि मग पात्राच्या मनःस्थितीवर एक स्वतंत्र गीत येई, त्याला ‘आरिया’ म्हणत. आरियाचे दोन भाग असत. दुसरा भाग संपला की गायक पुन्हा पहिल्या भागाकडे वळे, आणि या वेळी मूळ चाल कायम ठेवून तिच्यावर स्वतःच्या अलंकारांची बरसात करी. ख्यालगायक अंतरा आटोपून स्थायीकडे परतताना तानांनी ती सजवतो, तसाच काहीसा हा प्रकार. रचनाकाराने कागदावर लिहिलेले अर्धेच असे. उरलेले अर्धे गायकाचे. श्रोते त्या दुसऱ्या अर्ध्यासाठी पैसे मोजत. म्हणूनच छापील स्वरलिपी पाहून फारिनेल्लीचे गाणे कसे होते हे कळत नाही. फार तर त्याला किती उंच आणि किती जलद गाता येत असे, याचा अदमास लागतो.

त्याच्या रोममधील एका प्रयोगाची हकिकत प्रसिद्ध आहे. एका आरियात तुतारीवादकाची साथ होती. दोघांत रोज चढाओढ लागू लागली. एका रात्री दोघांनी मिळून एक स्वर इतका लांबवला की दोघांचाही दम संपला असे सर्वांना वाटले. वादक थांबला, फारिनेल्लीने मात्र हसत हसत, त्याच श्वासात, त्या स्वरावर कंप घेतला आणि वर तानांची लड लावली. ही हकिकत इंग्रज संगीत-इतिहासकार चार्ल्स बर्नीने नोंदवली आहे. घटनेनंतर सुमारे अर्ध्या शतकाने, खुद्द वृद्ध फारिनेल्लीला भेटून आल्यावर त्याने ती छापली, हे विसरू नये.

मात्र त्याचे मोठेपण केवळ या कसरतींत नव्हते. १७२७ मध्ये बोलोन्या येथे त्याची गाठ आंतोनियो बेर्नाक्की या वयाने आणि अनुभवाने मोठ्या कास्त्रातोशी पडली. फारिनेल्लीने आपल्याजवळचे सारे भांडार रिते केले. बेर्नाक्कीने शांतपणे त्याची प्रत्येक जागा घेऊन दाखवली आणि वर स्वतःची भर घातली. फारिनेल्लीने हार मानली आणि त्याच्याकडे शिकण्याची विनंती केली. पुढे १७३१ च्या सुमारास व्हिएन्नात सम्राट चार्ल्स सहावा याने त्याला सांगितले म्हणतात की, या राक्षसी ढांगा आणि न संपणारे स्वर केवळ थक्क करतात. हृदयाला हात घालायचा तर साधा मार्ग धरावा लागेल. फारिनेल्लीने तो सल्ला मानला. या वेळी तो २६ वर्षांचा आणि कीर्तीच्या शिखरावर होता. अशा वेळी गायकाने आपली गायकी बदलावी, हे सामान्य नव्हे.

१७३४ मध्ये तो लंडनला गेला. तेथे एक नाट्ययुद्ध जुंपलेले होते. हँडेलच्या मक्तेदारीला कंटाळलेल्या उमरावांनी १७३३ मध्ये युवराज फ्रेडरिकच्या पाठबळाने प्रतिस्पर्धी ऑपेरा मंडळी काढली होती. पोर्पोरा तिचे रचनाकार होते. हँडेलचे जुने गायक सेनेसिनो व कुत्सोनी तिकडे गेले होते. हँडेलचे नाट्यगृहही त्यांच्याच हाती गेले होते. फारिनेल्ली हा त्यांचा हुकमी पत्ता. ‘आर्तासेर्से’ या ऑपेरात सेनेसिनो क्रूर खलनायक होता आणि फारिनेल्ली बेड्यांत जखडलेला अभागी नायक. पहिलीच आरिया ऐकून सेनेसिनो आपली भूमिका विसरला, धावत जाऊन त्याने बंदिवानाला मिठी मारली, असे बर्नी सांगतो. प्रेक्षागृहातून एका उच्चकुलीन स्त्रीने देव एक आणि फारिनेल्लीही एकच, अशा अर्थाची आरोळी ठोकली. हॉगार्थ या चित्रकाराने ती आरोळी १७३५ च्या आपल्या उपहासात्मक चित्रमालिकेत टिपून ठेवली आणि सोबत फारिनेल्लीला मिळालेल्या नजराण्यांची लांबलचक यादीही रंगवली.

यादी काल्पनिक असली तरी नजराणे काल्पनिक नव्हते. त्याचा हंगामाचा पगार १५०० गिनी होता. मानधनाचा खास प्रयोग आणि भेटी धरून वर्षाची प्राप्ती ५००० पौंडांच्या घरात जाते, असे समकालीन म्हणत. एकट्या युवराजाने हिरेमाणकांनी मढवलेली सोन्याची तपकिरीची डबी आणि १०० गिनींची थैली दिली. अभिनयाच्या नावाने मात्र आनंद होता. तो पुतळ्यासारखा निश्चल उभा राहून गातो, अशी तक्रार वारंवार आढळते.

परंतु कौतुक ओसरायला तीन हंगाम पुरले. एका शहरात दोन इटालियन ऑपेरा चालण्याइतके प्रेक्षक नव्हतेच. १७३७ मध्ये उमरावांची मंडळी बुडाली. हँडेलचीही प्रकृती आणि तिजोरी दोन्ही ढासळली. त्याच उन्हाळ्यात फारिनेल्ली फ्रान्समार्गे स्पेनला निघाला. पुढील हंगामाला परतण्याचे ठरले होते. तो परतला नाही.

आता त्या सर्वश्रुत कथेकडे. स्पेनचा राजा फिलिप पाचवा याला खोल विषादाने ग्रासले होते. तो दाढी करीत नसे, कपडे बदलीत नसे, बिछान्यातून उठत नसे, राज्यकारभाराकडे पाहत नसे. राणी इसाबेल फार्नेसे हिने फारिनेल्लीला शेजारच्या दालनात गायला लावले. राजा हलला, गायकाला बोलावून काय हवे ते माग म्हणाला. फारिनेल्लीने मागितले एवढेच की, महाराजांनी उठावे, दाढी करावी आणि मंत्रिमंडळात बसावे. राजा बरा झाला, आणि त्यानंतर जवळपास दहा वर्षे रोज रात्री तो तीच चार गाणी ऐकत राहिला.

संगीताच्या सामर्थ्याची ही कथा दोनशे-अडीचशे वर्षे आवडीने सांगितली गेली. पण फारिनेल्लीची स्वतःची पत्रे उपलब्ध आहेत. बोलोन्याचा सरदार सिचिनियो पेपोली याला लिहिलेल्या या पत्रांचा संग्रह २००० साली प्रसिद्ध झाला. त्यांत तो लिहितो की, आल्या दिवसापासून रोज संध्याकाळी राजा-राणीच्या चरणांशी गावे लागते. दररोज आठ-नऊ आरिया गळ्याखालून जातात आणि विश्रांतीचा दिवस असा नाही. प्रकृती टिकावी एवढीच तो देवाकडे प्रार्थना करतो. चार गाण्यांच्या सुंदर दंतकथेपेक्षा ही तक्रार अधिक बोलकी आहे. राजाने दिवस आणि रात्र यांची अदलाबदल केलेली होती. पहाटेपर्यंत दरबार जागा असे, आणि त्याबरोबर गायकही. राजा बरा झाला हेही खरे नाही. इंग्रज वकील बेंजामिन कीन याने १७३८ मध्ये आपल्या सरकारला कळवले की, राजा स्वतःच फारिनेल्लीची नक्कल करत एकामागून एक आरिया गातो, कधी कधी नुसता किंचाळत सुटतो, आणि हा प्रकार कोणाच्या दृष्टीस पडू नये म्हणून दरबारी धडपडतात. रोग हटला नाही. त्याला रोज रात्री थोपवून धरण्याचे काम एका माणसाच्या गळ्यावर सोपवलेले होते, आणि ते १७४६ मध्ये राजाचा मृत्यू होईपर्यंत चालले.

मग तो गेला कशाला आणि राहिला कशाला? उत्तर व्यवहारात आहे. कास्त्रातोला विवाहाची परवानगी नव्हती, संतती नव्हती. गळा हीच एकमेव मालमत्ता, आणि ती कधी बुडेल याचा नेम नाही. लंडनमध्ये त्याने पाहिले होते की प्रेक्षक तीन वर्षांत पाठ फिरवतात. स्पेनने त्याला तहहयात नेमणूक दिली. ज्या मुलाच्या घराचा आधार एका दिवसात नाहीसा झाला होता, त्याला या एका गोष्टीचे मोल पक्के ठाऊक असावे.

१७४६ मध्ये फर्डिनंड सहावा गादीवर आला, आणि येथून त्याच्या आयुष्यातील सर्वांत कमी सांगितला जाणारा, पण कदाचित सर्वांत कर्तबगारीचा कालखंड सुरू होतो. राणी बार्बरा ही स्वतः उत्तम वादक. दोमेनिको स्कार्लात्तीची शिष्या. १७४७ मध्ये फारिनेल्लीकडे माद्रिदच्या बुएन रेतिरो राजवाड्यातील नाट्यगृहाचे आणि अरान्हुएझ येथील मनोरंजनाचे संचालकपद आले. त्याने इटलीहून गायक, वादक व नेपथ्यकार आणवले. मेतास्तासियोशी व्हिएन्नाला पत्रव्यवहार करून त्याची नाटके मागवली; ‘नित्तेती’ हे नाटक तर १७५६ मध्ये खास त्याच्या रंगमंचासाठी लिहिले गेले. अरान्हुएझला ताहो नदीत राजनौकांचा ताफा उभारून त्याने जलविहाराच्या मैफली योजल्या. १७५८ मध्ये त्याने या सर्व व्यवस्थेची सचित्र हस्तलिखित नोंदवही तयार करवली. कोणत्या कामासाठी किती माणसे आणि त्यांना काय द्यायचे, इथपर्यंतचा तपशील तीत आहे. तो स्वतः मात्र या रंगमंचावर कधी उभा राहिला नाही.

१७५० मध्ये त्याला कालात्राव्हा या मानाच्या सरदारपंथात घेण्यात आले. इतक्या जवळिकीचा कोणीही दुसरा दरबारी राजकारणात उतरला असता आणि लाच खाऊन गबर झाला असता. फारिनेल्लीवर तसा ठपका त्याच्या हितशत्रूंनाही ठेवता आला नाही. एका शिंप्याची गोष्ट सांगतात: त्याने भारी पोशाख शिवून दिला आणि मोबदल्यात केवळ एक गाणे मागितले. फारिनेल्ली गायला, आणि नंतर बिलाच्या जवळपास दुप्पट रक्कम त्याने शिंप्याच्या हाती ठेवली. गोष्ट घडली असेल वा नसेल; लोकांना ती त्याच्याविषयी खरी वाटली, हे पुरेसे आहे.

१७५८ मध्ये राणी बार्बरा वारली. वर्षभरात शोकाने भ्रमिष्ट झालेला राजाही गेला. नव्या राजाला, चार्ल्स तिसऱ्याला, संगीताची आवड नव्हती. त्याने फारिनेल्लीचे निवृत्तिवेतन चालू ठेवले आणि त्याला निरोप दिला. राणीने मृत्युपत्राने आपली वाद्ये व संगीताचे ग्रंथ त्याला दिले होते. स्कार्लात्तीच्या सोनाटांचे जे १५ हस्तलिखित खंड आज व्हेनिसच्या मार्चाना ग्रंथालयात आहेत, ते राणीच्या संग्रहातले असून फारिनेल्लीबरोबरच इटलीत आले असे मानले जाते. स्कार्लात्तीच्या स्वतःच्या हस्ताक्षरातील सोनाटा उपलब्ध नाहीत, हे लक्षात घेतले तर या सामानाची किंमत कळते. स्कार्लात्तीला जुगाराचे व्यसन होते आणि राणी त्याची कर्जे फेडी, ही माहितीही बर्नीला फारिनेल्लीकडूनच मिळाली.

उरलेली २२ वर्षे त्याने बोलोन्याबाहेर स्वतः बांधलेल्या बंगल्यात काढली. बर्नी १७७० मध्ये तेथे गेला. उंच, सडपातळ, वयाच्या मानाने सतेज अशा वृद्धाने त्याचे स्वागत केले. गाणे केव्हाच सोडलेले होते. तो व्हायोल द’अमोर आणि कळवाद्ये वाजवत असे. वाद्यांना त्याने थोर चित्रकारांची नावे दिली होती: फ्लॉरेन्समध्ये १७३० साली घडवलेला त्याचा लाडका पियानो ‘राफाएल’, इतर वाद्ये ‘कोर्रेज्जो’, ‘तित्सियानो’. त्याच वर्षी १४ वर्षांचा मोझार्टही वडिलांबरोबर त्याला भेटून गेला. मेतास्तासियोची पत्रे व्हिएन्नाहून येत राहिली. ‘जुळे भाऊ’ गेले तेही पाठोपाठ: मेतास्तासियो एप्रिल १७८२ मध्ये, फारिनेल्ली त्याच वर्षी १६ सप्टेंबरला.

१९९४ मध्ये त्याच्यावर एक गाजलेला चित्रपट आला. त्यातील प्रणयप्रसंग आणि हँडेलशी दाखवलेले वैर बहुतांशी कल्पित आहे. आवाजासाठी मात्र एका पुरुष काउंटरटेनरचा आणि एका सोप्रानो गायिकेचा गळा संगणकावर एकजीव करावा लागला, कारण आज तसा गळा कोणाचाही नाही. ज्याचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे असा एकल गाणारा एकच कास्त्रातो, आलेस्सांद्रो मोरेस्की. ते मुद्रण १९०२ आणि १९०४ मधले, आणि तो चर्चचा गायक, ऑपेराचा नव्हे.

फारिनेल्लीचा बंगला १९४९ मध्ये पाडला गेला. त्याची पहिली समाधी नेपोलियनच्या काळातील धामधुमीत नष्ट झाली होती. १८१० मध्ये त्याच्या भावकीतील एका स्त्रीने त्याचे अवशेष बोलोन्याच्या चेर्तोझा दफनभूमीत हलवले. जुलै २००६ मध्ये संशोधकांनी ती कबर उघडली. हाडे थोडीच आणि जीर्ण अवस्थेत होती. त्यांवरून तो उंच होता हे दिसले. कपाळाच्या हाडाची आतील बाजू असाधारण जाड झालेली आढळली. ही स्थिती सहसा ऋतुनिवृत्तीनंतरच्या स्त्रियांत दिसते, आणि पुरुषी संप्रेरकाच्या जन्मभराच्या अभावाशी तिचा संबंध संशोधकांनी जोडला. काही हाडांच्या कडा तर ७७ व्या वर्षीही पूर्णपणे जुळून आलेल्या नव्हत्या.